निघोजे : पत्त्यावरचे गाव

देशातल्या रस्त्यांवर धावणाऱ्या कितीतरी मोटारींच्या कारखान्याचा पत्ता शेवटपर्यंत वाचला, की त्यात एका खेड्याचे नाव लागते. फोक्सवॅगनच्या पत्त्यात ते आहे. महिंद्रच्या चाकण कारखान्याच्या पत्त्यात आहे. मर्सिडीज-बेंझच्या पत्त्यात ते शेजारच्या कुरुळीला सोबत घेऊन येते. निघोजे, तालुका खेड, जिल्हा पुणे.

पारनेर तालुक्यातले, कुकडीच्या पात्रातल्या रांजणखळग्यांसाठी प्रसिद्ध असलेले निघोज वेगळे. हे निघोजे इंद्रायणीच्या उत्तर काठावरचे, देहू आणि आळंदी यांच्या मधले. नदीपलीकडे तळवडे, पूर्वेला मोई, चिंबळी, कुरुळी. उत्तरेला म्हाळुंगे, खराबवाडी आणि त्यापुढे चाकण. या गावाची गोष्ट सांगायची तर ती जमिनीचीच सांगावी लागते. जमीन कशी वाटली गेली, तिचे तुकडे कसे पडत गेले, आणि ते तुकडे शेवटी एकत्र आले तेव्हा कोणाच्या नावावर गेले.

इंद्रायणीचा उगम लोणावळ्याजवळ कुरवंड्याच्या बाजूला आहे. तिथे वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस कोसळतो. पूर्वेकडे यावे तसा तो झपाट्याने ओसरतो. कामशेत, वडगाव मागे पडले की भातखाचरे विरळ होत जातात आणि चाकणच्या माळाला सहा-सातशे मिलिमीटरवर भागवावे लागते. चाळीस-पंचेचाळीस किलोमीटरच्या टप्प्यात मावळ संपतो आणि देश सुरू होतो. निघोजे या सांध्याच्या देशाकडच्या अंगाला आहे. ज्या तांदळाला या नदीचे नाव मिळाले तो ‘इंद्रायणी’ वाण १९८७ साली वडगाव मावळच्या संशोधन केंद्रातून बाहेर पडला. निघोज्याच्या ताटात मात्र पहिला मान भाकरीचाच राहिला.

शिवार नदीपासून वर चढत जाते. काठाला खोल काळी जमीन, तिच्यावर मध्यम, मग मुरमाड आणि सर्वांत वर माळ. काळ्या जमिनीत रब्बीची ज्वारी, हरभरा, गहू. हलक्या जमिनीत पावसाळी बाजरी आणि तिच्या पाट्यात तूर, मटकी, हुलगा. माळ गुरांना. ज्याच्या वाट्याला विहीर आली त्याचा मळा झाला. विजेचे पंप येण्यापूर्वी या विहिरींवर मोट चाले. चामड्याच्या मोटेला दोन दोर असत, वरचा जाड नाडा आणि खालच्या सोंडेला बांधलेला बारीक सोंदूर. बैल धावेवरून उताराने खाली गेले की मोट वर येई, सोंड थारोळ्यात मोकळी होई आणि पाणी पाटाला लागे. मग बैलांना मागे सारत पुन्हा वर आणायचे. पहाटेपासून उन्हे तापेपर्यंत हेच. बैलांची एक जोडी आणि दोन माणसे राबली तरी दिवसभरात भिजणारे रान मोजकेच असे. म्हणून बागायताचा तुकडा लहान असला तरी घराचा जीव त्यात अडकलेला. भाऊवाटणी करताना सर्वांत जास्त वाद याच तुकड्यावर होत.

या पट्ट्याला इतिहास आहे तो मुख्यतः चाकणमुळे. पुणे-नाशिक वाटेवरचा चाकणचा भुईकोट, म्हणजे संग्रामदुर्ग, बहामनी काळापासून महत्त्वाचा. १६६० च्या जूनमध्ये शाइस्ताखान पुण्याहून निघून त्याच्यावर चालून आला. भर पावसाळ्यात फिरंगोजी नरसाळ्यांनी किल्ला दीड महिन्याहून अधिक काळ झुंजवला. ऑगस्टच्या मध्याला सुरुंगाने बुरूज उडाला तेव्हाच तो पडला. बखरी आणि पाठ्यपुस्तके फिरंगोजींची निष्ठा सांगतात, आणि ती सांगायलाच हवी. पण एवढी फौज, तिचे घोडे, हत्ती आणि बैल खरिपाच्या ऐन दिवसांत चाकणभोवती पसरले होते, तेव्हा पंचक्रोशीतल्या बाजरीचे काय झाले असेल, हे शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्या कोणालाही सांगावे लागत नाही. १७७९ च्या जानेवारीत मुंबईहून आलेल्या इंग्रज फौजेला वडगावला शरण यावे लागले. त्या मोहिमेतही मराठ्यांनी शत्रूला दाणावैरण मिळू नये म्हणून वाटेवरचा मुलूख उजाड केला होता. लढाई जिंकली तरी त्या सालचे पीक गेलेच.

दुसरे मोठे नाव अर्थातच देहूचे. तुकोबांचे देहू निघोज्याहून नदीच्या वरच्या अंगाला हाकेच्या टप्प्यावर. १६३० च्या सुमाराच्या भीषण दुष्काळाने तुकोबांचे घर उद्ध्वस्त केले आणि त्यांनी आपल्या वाट्याची सावकारीची खते इंद्रायणीत सोडली, असे परंपरा सांगते. त्यांचे अभंग लिहून ठेवणारे संताजी जगनाडे चाकणचे, आणि त्यांची समाधी जवळच सुदुंबऱ्याला. ऋणाचे कागद बुडवण्याची ती गोष्ट इथल्या शेतकऱ्याला कळायला सोपी होती. अडीचशे वर्षांनी, १८७५ च्या मे महिन्यात, याच पुणे जिल्ह्यात सुप्याच्या बाजारात कुणब्यांनी सावकारांच्या घरांवर चाल केली ती खते हिसकावून जाळण्यासाठी. इंग्रज सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जमुक्तीचा कायदा केला. कर्जाचा ताण थोडा सैल झाला. पण शेताचा आकार कायद्याने वाढत नव्हता, आणि खरे दुखणे तिथे होते.

ते दुखणे पहिल्यांदा फूटपट्टी लावून मोजले गेले तेही याच परिसरात, निघोज्याहून जेमतेम पंधरा किलोमीटरवर. पुण्याच्या कृषी महाविद्यालयाचे प्राचार्य हॅरॉल्ड मान मूळचे इंग्लंडमधले रसायनशास्त्रज्ञ. भारतात आले ते चहाच्या मळ्यांवर संशोधन करायला. पुण्यात आल्यावर त्यांच्या लक्षात आले, की मातीची रासायनिक तपासणी कितीही केली तरी ती कसणाऱ्याच्या घरचा हिशेब समजल्याशिवाय शेती समजत नाही. द. ल. सहस्रबुद्धे, कानिटकर, ताम्हणे या सहकाऱ्यांना घेऊन त्यांनी मुळा-पवनेच्या दुआबातले पिंपळे सौदागर हे खेडे निवडले आणि घरोघर जाऊन पाहणी केली. १९१७ साली तिचे पुस्तक निघाले. भारतातल्या खेड्यांच्या आर्थिक पाहणीचा पाया ज्या मोजक्या ग्रंथांनी घातला, त्यांत त्याची गणना होते.

मान यांनी जुन्या कागदांवरून गावातल्या जमीनधारणेची सरासरी काढली. १७७१ मध्ये दर खातेदारामागे ४० एकर. १८१८ मध्ये, म्हणजे पेशवाई बुडाली त्या वर्षी, साडेसतरा. पुढच्या वीस वर्षांत १४. आणि १९१४-१५ मध्ये फक्त ७ एकर. तेही एका जागी नव्हते. १५६ मालकांची जमीन ७२९ तुकड्यांत विखुरलेली होती. त्यांतले ४६३ तुकडे एकराहून लहान आणि ११२ तर पाव एकराहूनही लहान. सगळे काही मनासारखे झाले, पाऊस वेळेवर पडला, भाव बरा मिळाला, तरीही १०० पैकी ८१ जमिनी आपल्या मालकाचे पोट भरू शकत नव्हत्या. जी कुटुंबे तगून होती त्यांना बाहेरच्या मजुरीचा आधार होता, आणि खडकीचा दारूगोळा कारखाना त्यांना जवळ पडत होता.

तुकडे का पडत होते याचे उत्तर शिवाराच्या चढणीत आहे. बापाच्या वीस एकरांत पाच एकर काठाची काळी, दहा मध्यम आणि पाच माळ असेल, तर चार भावांतला कोण एकटा माळ घेईल? प्रत्येकाला प्रत्येक प्रतीचा वाटा हवा. चार भावांचे बारा तुकडे होतात, पुढच्या पिढीत त्यांचे पन्नास. बांधाला बांध लागतो, औत फिरवायला जागा उरत नाही, विहिरीत दोन आण्यांचा आणि पाण्यात पाळीचा हिस्सा राहतो. यात आडमुठेपणा शोधणाऱ्या साहेबांनी न्यायबुद्धीकडे पाहिले नाही. भावाभावांत अन्याय होऊ नये म्हणूनच जमीन अशी कापली जात होती. फ्रान्सच्या खेड्यांतही हेच घडले. नेपोलियनच्या १८०४ च्या संहितेने सर्व मुलांना समान वारसा दिला आणि शंभर-दीडशे वर्षांत शेते चिंधड्यांसारखी झाली. तिथे १९४१ च्या कायद्यानंतर, आणि विशेषतः महायुद्धानंतरच्या दशकांत, सरकारने लक्षावधी हेक्टर जमिनीची अदलाबदल करून एकेका शेतकऱ्याचे तुकडे जवळ आणले. जुने बांध आणि कुंपणे त्यात मोडली गेली, पण ती जमीन शेतकऱ्याकडे राहिली. हा शेवटचा मुद्दा पुढे उपयोगी पडणार आहे.

मान यांचे पुस्तक निघाले त्याच्या पुढच्याच वर्षी, १९१८ मध्ये, एका सत्तावीस वर्षांच्या अर्थशास्त्रज्ञाने लहान धारणांवर एक निबंध प्रसिद्ध केला. त्याचे नाव भीमराव रामजी आंबेडकर. त्या काळी सरकारी तज्ज्ञांचे म्हणणे असे, की तुकडे एकत्र करा आणि पुन्हा फुटू देऊ नका. आंबेडकरांनी प्रश्न उलटा केला. शेत लहान की मोठे हे एकरांवर ठरत नाही. त्यावर किती भांडवल, किती अवजार आणि किती माणसे लागतात यावर ठरते. इथे एकर कमी नाहीत, शेतीवर लादलेली माणसे जास्त आहेत. त्यांना दुसरे काम नाही म्हणून ती जमिनीला चिकटून बसली आहेत. म्हणून खरा उपाय उद्योग. जास्तीची माणसे कारखान्यांत गेली, की मागे राहिलेल्यांच्या वाट्याला पोटापुरती जमीन येईल आणि शेतीत भांडवलही येईल. १९२७ साली मुंबई विधिमंडळात लहान धारणांबद्दलचे विधेयक आले तेव्हा त्यांनी ऑक्टोबरमध्ये त्याच्या विरोधात भाषण केले आणि सहकारी शेतीचा मार्ग सुचवला. विधेयक बारगळले.

स्वातंत्र्याच्या वर्षी, १९४७ मध्ये, मुंबई प्रांताने तुकडेबंदी आणि तुकडेजोडचा कायदा केलाच. या कायद्याखाली गावोगाव एकत्रीकरण योजना राबवली गेली, सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. पुणे जिल्ह्यातल्या शेतकऱ्याला आज जमीन विचारली तर तो गट नंबर सांगतो, तो या योजनेतून आलेला. नकाशावर गट एक झाला. प्रत्यक्षात त्याच गटात चार भाऊ आपापल्या बांधाने वहिवाट करत राहिले आणि सातबाऱ्यावर चारांची नावे सामाईकात चढली. कुळकायदा आला, १ एप्रिल १९५७ च्या कृषकदिनी कसणारी कुळे मालक ठरली. १९५८ च्या कायद्याने महार वतने खालसा झाली. प्रत्येक कायद्याने सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात एकेक ओळ वाढवली. पुढे भूसंपादनाचे पैसे वाटायची वेळ आली तेव्हा या ओळींनी किती घरे तलाठी कचेरीच्या आणि कोर्टाच्या पायऱ्यांवर बसवली, हे खेड तालुक्यातल्या कोणत्याही वकिलाला ठाऊक आहे.

१९७२ चा दुष्काळ या भागातल्या म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात अजून येतो. खडी फोडणे, पाझर तलावांवर माती वाहणे, रेशनचा लालसर मिलो आणि मुलांना मिळणारी सुकडी. दुष्काळ सरला, नवी बियाणी आली, विहिरींवर विजेच्या मोटारी बसल्या आणि चाकण परिसर कांद्या-बटाट्याचे आगर झाला. चाकणचा बाजार आठवड्याला भरे आणि पंचक्रोशीतल्या बैलगाड्या रात्रीच रस्त्याला लागत.

आता पीक होते, पण भाव नव्हता. कांदा बाजारात नेऊन विकल्यावर अडत्याकडून मिळणाऱ्या हिशेबाच्या कागदाला पट्टी म्हणतात. वर विक्रीची रक्कम. खाली वजावट, म्हणजे अडत, हमाली, तोलाई, गाडीभाडे, पोत्यांचे पैसे. काही वेळा वजावट विक्रीपेक्षा जास्त निघे आणि शेतकऱ्यालाच खिशातून पैसे भरून घरी यावे लागे. याला उलटी पट्टी म्हणत. हा कागद घेऊन घरी परतलेल्या माणसाला शेती तोट्याची का, हे कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. पण कोणीतरी ते आकड्यांत मांडायला हवे होते.

ते काम स्वित्झर्लंडहून आलेल्या माणसाने केले. शरद जोशी बर्नमधल्या आंतरराष्ट्रीय टपाल संघटनेतली नोकरी सोडून १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात आले आणि चाकणजवळ आंबेठाणला कोरडवाहू जमीन घेऊन शेती करू लागले. अंगारमळा हे त्यांच्या शेताचे नाव. स्वतःच्या जमाखर्चाच्या वहीतून ते या निष्कर्षाला आले, की शेतीमालाला उत्पादनखर्चाइतकाही भाव मिळू नये अशीच धोरणे आखली जातात. कांद्याचे भाव जरा वर चढले की निर्यातबंदी येते. ९ ऑगस्ट १९७९ रोजी चाकणला शेतकरी संघटना स्थापन झाली. १९८० च्या जानेवारीत भामनेरच्या खोऱ्यातल्या वांद्र्यापासून चाकणपर्यंत रस्त्याच्या मागणीसाठी ६४ किलोमीटर मोर्चा चालत आला, आणि त्यानंतर कांद्याच्या भावासाठी पुणे-नाशिक रस्ता अडवला गेला. ही ठिणगी पुढे नाशिकला ऊस-कांद्याच्या आणि १९८१ मध्ये निपाणीला तंबाखूच्या आंदोलनात पेटली. भीक नको, हवे घामाचे दाम ही घोषणा याच मातीतली.

या तीन उपायांकडे एकत्र पाहिले म्हणजे निघोज्याच्या पुढच्या इतिहासाचे वजन कळते. सरकारने जमीन जोडण्याचा उपाय केला, तो कागदावर राहिला. शरद जोशींनी भावाचा उपाय मागितला, तो अर्धवट मिळाला. तिसरा उपाय, उद्योगाचा, नदीपलीकडून चालत येत होता.

पिंपरीला १९५४ मध्ये हिंदुस्तान अँटिबायोटिक्स स्थापन झाली, तिथे पेनिसिलिन बनू लागले. आकुर्डीला बजाज, मग पिंपरीत टेल्को. १ ऑगस्ट १९६२ रोजी महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ, म्हणजे एमआयडीसी, सुरू झाले. १९७० मध्ये पिंपरी-चिंचवड नगरपालिका, १९७२ मध्ये नवनगर विकास प्राधिकरण, १९८२ मध्ये महापालिका. प्राधिकरणाने निगडी, आकुर्डी, वाकड, रहाटणीकडच्या शेतकऱ्यांच्या जमिनी घेतल्या आणि त्यांचा साडेबारा टक्के परताव्याचा लढा पिढ्यांवर गेला. नदीच्या उत्तरेकडच्या गावांनी हे सारे लांबून पाहिले होते. १९९७ मध्ये तळवडे, चिखली, मोशी आदी १८ गावे महापालिकेत गेली आणि इंद्रायणी ही शहराची हद्द झाली. दक्षिण काठाला महापालिका, उत्तर काठाला ग्रामपंचायत.

हद्द ओलांडायला वेळ लागला नाही. म्हाळुंग्याला बजाज ऑटोचा कारखाना उभा राहिला आणि २००१ मध्ये तिथून पल्सर बाहेर पडली. चाकण एमआयडीसीचे टप्पे एकामागून एक पडत गेले. गावात त्याची पहिली चाहूल लागते ती नोटिशीने. एमआयडीसी कायद्याचे कलम ३२, पोटकलम २. लोक तिला ‘बत्तीस-दोनची नोटीस’ म्हणतात. मग मोजणी, हरकती, आणि सातबाऱ्यावर शिक्का. शिक्का पडला की जमीन विकता येत नाही, कर्ज मिळत नाही, मुलीच्या लग्नासाठी तुकडा काढता येत नाही. पैसे मात्र निवाडा होईल तेव्हा. काही गावांत हा मधला काळ वर्षानुवर्षे लांबला.

फोक्सवॅगनच्या कारखान्यासाठी आधी विशाखापट्टणमचे नाव होते; तो बेत फिसकटल्यावर २००६ च्या नोव्हेंबरमध्ये महाराष्ट्र सरकारशी करार झाला. जागा सुमारे २३० हेक्टर, गुंतवणूक ५८ कोटी युरो, वर्षाला १,१०,००० मोटारींची क्षमता. ३१ मार्च २००९ रोजी कारखाना सुरू झाला, तेव्हा ती भारतातली सर्वांत मोठी जर्मन गुंतवणूक म्हणून गाजली. त्याच वर्षी मर्सिडीज-बेंझ सुमारे १०० एकरांवर आली. पाठोपाठ महिंद्र आली, सुमारे ७०० एकरांवर. या जमिनी एकट्या निघोज्याच्या नाहीत. शेजारच्या तीन-चार गावांच्या शिवारांत त्या पसरल्या आहेत. तरी मान यांच्या सात एकरांच्या सरासरीने मोजले, तर एकट्या फोक्सवॅगनच्या कुंपणाआड ऐंशीहून अधिक खातेदारांची शेती मावते.

ब्रिटिशांना, मुंबई प्रांताला आणि महाराष्ट्राला जे साठ-सत्तर वर्षांत साधले नाही, ते तुकडेजोडीचे काम इथे दोन-तीन वर्षांत झाले. बांध गेले, सामाईक विहिरी गेल्या, भावकीचे वाद निकालात निघाले, सगळा गट सलग झाला. फक्त सातबाऱ्यावर शेतकऱ्याचे नाव उरले नाही. इथेच आंबेडकरांच्या १९१८ च्या निबंधाशी फारकत होते. त्यांच्या मांडणीत शेतीवरची जास्तीची माणसे उद्योगात जाणार होती आणि जमीन मागे राहणाऱ्यांसाठी मोकळी होणार होती. निघोज्याच्या पट्ट्यात माणसे गावातच राहिली आणि जमीन उद्योगात गेली. यंत्रमानवांनी वेल्डिंग करणाऱ्या कारखान्याला आयटीआय झालेला, डिप्लोमा केलेला कामगार लागतो. पन्नाशीचा कुणबी लागत नाही. भूमिपुत्रांना नोकऱ्या द्या, ही मागणी म्हणून दर निवडणुकीत उठते. तिच्यामागे हट्ट नाही, मोडलेला हिशेब आहे.

पैसा आला हेही खरे. निवाड्याचे धनादेश आले तेव्हा घरोघर बहिणींना हक्कसोडपत्रावर सह्या करायला बोलावले गेले. वडिलोपार्जित जमिनीत मुलींना समान वाटा देणारा कायदा महाराष्ट्रात १९९४ पासून आणि देशभर २००५ पासून होता. काही बहिणींनी माहेर तुटू नये म्हणून सह्या केल्या, काहींनी वाटा मागितला आणि माहेर तुटले. काहींनी पैशांतून लांबच्या तालुक्यात स्वस्तात शेती घेतली. काहींनी टँकर, जेसीबी, कामगारांच्या बसगाड्या, कँटीन, भंगार यांचे धंदे उभे केले आणि त्यांत चांगला जम बसवला. काहींचे पैसे गाड्यांत, लग्नांत आणि निवडणुकांत गेले. हे वाईट म्हणून सांगायचे नाही. पाच पिढ्या ज्या घरात हातात रोख रक्कम वर्षातून एकदा, तीही कर्ज वजा करून येत होती, त्या घराला एका दिवसात आलेल्या मोठ्या रकमेचे काय करायचे, हे कोणत्याही संपादन अधिकाऱ्याने शिकवले नव्हते.

सगळे बिनबोभाट झाले असेही नाही. चाकणच्या पश्चिमेला शिंदे-वासुली गावाच्या हद्दीत, तुकोबांच्या चिंतनाशी जोडलेल्या भामचंद्र डोंगराच्या परिसरात, डाऊ या अमेरिकी रसायन कंपनीचे संशोधन केंद्र येऊ घातले होते. भोपाळच्या आठवणीने आणि इंद्रायणी दूषित होईल या भीतीने गावकरी आणि वारकरी एकत्र आले, बंडातात्या कराडकर पुढे झाले. २००८ मध्ये काम थांबवावे लागले आणि कंपनीने पुढे तो प्रकल्पच सोडला. तसेच, खेड तालुक्यात आंतरराष्ट्रीय विमानतळ करण्याचा बेत शेतकऱ्यांच्या विरोधानंतर मागे पडला आणि २०१६ मध्ये पुरंदरकडे वळला.

जमिनीइतकीच मोठी गोष्ट पाण्याची आहे. इंद्रायणीचे अगदी वरचे पाणी टाटांनी शंभर वर्षांपूर्वीच वळवण धरणात अडवून खोपोलीकडे उतरवले, मुंबईला वीज देण्यासाठी. खालचे पाणी आता शहराला लागते. मावळातल्या आंद्रा धरणाचे पाणी इंद्रायणीत सोडले जाते, ते नदीनेच वाहत येते आणि निघोजे बंधाऱ्यातून उचलून चिखलीच्या शुद्धीकरण केंद्रात नेले जाते. दिवसाला १० कोटी लिटर पाणी पिंपरी-चिंचवडला देणारी ही योजना. पवना धरणातून बंद नळाने पाणी नेण्याच्या योजनेला मावळच्या शेतकऱ्यांनी कडवा विरोध केला होता. ९ ऑगस्ट २०११ रोजी द्रुतगती मार्गावर बौर गावाजवळ पोलिसांच्या गोळीबारात तीन शेतकरी मारले गेले, त्यांत एक स्त्री होती. पाणी उघड्या पात्रातून आले तर काठाच्या शेतांनाही ते मिळते, हा शेतकऱ्यांचा मुद्दा होता. पण उघड्या पात्रात वरच्या गावांचे आणि वसाहतींचे सांडपाणीही येते. बंधाऱ्यावर फेस आला, मासे मेले की उपसा थांबवावा लागल्याच्या बातम्या येतात. आळंदीच्या घाटाला कार्तिकी आणि आषाढीच्या तोंडावर दिसणारा पांढरा फेस तर आता साऱ्या महाराष्ट्राने पाहिला आहे. वारकरी त्यातच स्नान करतात. हा प्रश्न निवेदनांनी सुटणारा राहिलेला नाही, आणि तो सोडवण्याची जबाबदारी नदीकाठच्या शेतकऱ्यावर ढकलता येणार नाही.

आजच्या निघोज्यात शिफ्ट सुटते तेव्हा रस्त्यावर मराठवाडी, वऱ्हाडी, हिंदी, भोजपुरी सारे ऐकू येते. तळवडे-निघोजे-म्हाळुंगे रस्त्यावर कंटेनरची रांग लागते. एसटीपेक्षा कंपन्यांच्या बस जास्त. काठाच्या काळ्या जमिनीत अजून ऊस, कांदा, भाजीपाला दिसतो. चाकणच्या बाजारात अजूनही खेड तालुक्याचा कांदा उतरतो. निघोजे, मोई, कुरुळी, चिंबळी ही गावे महापालिकेत घ्यावीत असे प्रस्ताव गेल्या दशकात पुन्हा पुन्हा निघाले. गावांची मते त्यावर दुभंगलेली आहेत. रस्ते आणि पाणी मिळेल असे एक म्हणतो, कर वाढेल आणि उरलेल्या रानावर आरक्षणे पडतील असे दुसरा.

उरलेले रान मात्र वेगळ्याच मापाने विकले जाऊ लागले आहे. गट फोडून गुंठ्या-दोन गुंठ्यांचे तुकडे पाडायचे, साठेखत किंवा नोटरीवर ते विकायचे, सातबाऱ्यावर दहा-वीस नावे सामाईकात चढवायची, हे पुण्याभोवतीच्या साऱ्या पट्ट्यात सर्रास झाले. एकराचे ४० गुंठे. मान यांना १९१५ मध्ये चिंतेत टाकणारा तुकडा पाव एकराचा, म्हणजे दहा गुंठ्यांचा होता. २०२५ च्या जुलैमध्ये राज्य सरकारने विधानसभेत जाहीर केले, की नागरी आणि लगतच्या भागांत १ जानेवारी २०२५ पूर्वी पडलेले एक गुंठ्यापर्यंतचे तुकडे तुकडेबंदीतून मोकळे करून नियमित केले जातील. १९४७ चा कायदा ज्या भागात शेत वाचवण्यासाठी आला होता, तिथे आता गुंठाभर जागेवर तळाला दोन आणि वर चार अशा खोल्या चढतात, प्रत्येक खोलीत तीन-चार कामगार राहतात, आणि पहिल्या तारखेला भाडे घ्यायला येतो तो बहुधा त्याच गटाच्या जुन्या खातेदाराचा नातू असतो.